काळयंत्राचे भाविक

आमच्या धरणाकाठच्या वस्त्यांतून, म्हणजे करमाळा आणि माढा तालुक्यांतील ज्या गावांत आपली ख्रिस्ती कुटुंबे चार घरे येथे, सहा घरे तेथे अशी विखुरलेली आहेत त्या गावांतून, अलीकडे एक तसबीर घरोघर दिसू लागली आहे. वर डोळे लावलेला, वेदनेने व्याकूळ झालेला प्रभूचा चेहरा. तसबिरी आपल्याकडे नव्या नाहीत. पवित्र हृदयाची तसबीर नसलेले घर शोधूनच काढावे लागेल. परंतु ही तसबीर वेगळी म्हणून दिली जाते. हे चित्र नव्हे, छायाचित्र आहे, असे सांगितले जाते. एका इटालियन धर्मगुरूंनी भूतकाळात डोकावणारे यंत्र तयार केले, त्या यंत्रातून त्यांनी कालवारीची टेकडी पाहिली आणि क्रुसावरील येशूचा हा फोटो घेतला. पुढे रोममधील वरिष्ठांनी ते यंत्र कुलूपबंद केले. तसबिरीसोबत एक छापील पत्रक मिळते, त्यात हा वृत्तांत मोठ्या रसाळ भाषेत दिलेला असतो. देणगीचा आकडा मात्र छापलेला नसतो. तो वाटणारे बंधू तोंडी सांगतात.

आम्ही या तसबिरीविरुद्ध वेदीवरून बोललो आणि त्याचा व्हायचा तो परिणाम झाला. काही कुटुंबे दुखावली. एका वृद्ध मातेने आम्हांस विचारले, ‘फादर, देवाला अशक्य ते काय?’ एका तरुणाने जरा तिखटपणे विचारले की चमत्कारांवर विश्वास ठेवायला शिकवणाऱ्यांनीच यंत्रावर अविश्वास का दाखवावा. प्रश्न रास्त आहेत. वेदीवरच्या दहा मिनिटांत त्यांची उत्तरे देता येत नाहीत, म्हणून या त्रैमासिकाच्या पानांचा आश्रय घेत आहोत.

प्रथम हकिकत. व्हेनिस शहरासमोरच्या सान जॉर्जो माज्जोरे या बेटावर बेनेडिक्टाइन संघाचा जुना मठ आहे. तेथील फादर पेल्लेग्रिनो एर्नेत्ती हे प्राचीन संगीताचे व्यासंगी होते, आणि या विद्येत त्यांचा अधिकार खरा होता. हे मुद्दाम सांगतो, कारण असत्याला बहुधा एखाद्या खऱ्या अधिकाराचाच अंगरखा चढवलेला असतो. त्यांचे सांगणे असे : १९५२ साली मिलानच्या कॅथलिक विद्यापीठात फादर आगोस्तिनो जेमेल्ली यांच्यासह ते ग्रेगोरियन गायनाच्या ध्वनिमुद्रणावर काम करीत होते. त्या वेळी यंत्रातून जेमेल्ली यांच्या दिवंगत वडिलांचा आवाज ऐकू आला. त्यातून कल्पना निघाली की घडून गेलेला कोणताही ध्वनी, कोणतेही दृश्य विश्वातून पुरते नाहीसे होत नाही. योग्य यंत्र असेल तर ते पुन्हा पकडता येईल. या यंत्राला त्यांनी क्रोनोव्हायझर म्हटले. ते बनवताना एन्रिको फर्मी आणि वेर्नर फॉन ब्राउन यांच्यासारखे शास्त्रज्ञ सोबत होते, असेही ते सांगत. यंत्रातून आपण रोमच्या सभेत सिसेरोचे भाषण ऐकले, क्विंटस एन्नियस या कवीचे हरवलेले नाटक इसवी सनापूर्वी १६९ साली रंगमंचावर होत असताना पाहिले, आणि शेवटी प्रभूचे दुःखसहन व मरण पाहिले.

२ मे १९७२ रोजी ‘ला दोमेनिका देल कोरिएरे’ या इटालियन साप्ताहिकाने ही मुलाखत छापली आणि सोबत तो चेहरा छापला. आपल्या गावांतून आज जो फिरतो आहे तोच. पुढे काय झाले ते पत्रकात नाही. इटलीत तोदी गावाजवळ कोल्लेव्हालेन्झा नावाचे तीर्थक्षेत्र आहे. तेथील मंदिरात एका स्पॅनिश शिल्पकाराने घडवलेली क्रुसमूर्ती आहे. तिच्या चेहऱ्याचे छायाचित्र भाविकांना विकत मिणाऱ्या कार्डावर छापलेले असे. साप्ताहिकातला चेहरा आणि कार्डावरचा चेहरा एकच निघाला, फक्त डावे-उजवे उलटलेले. हरवलेल्या नाटकाचा जो मजकूर एर्नेत्तींनी पुढे केला, तो लॅटिनच्या अभ्यासकांनी तपासला, तेव्हा त्यात एन्नियसच्या काळानंतर फार उशिरा वापरात आलेले शब्द आढळले. फर्मी १९५४ सालीच वारले होते. त्यांनी वा फॉन ब्राउन यांनी अशा कामाविषयी कधी काही सांगितल्याचा पुरावा नाही. यंत्र कोणी पाहिले नाही, त्याचा नकाशा कोणी पाहिला नाही. १९९४ साली फादर एर्नेत्ती निवर्तले.

मृत धर्मबंधूविषयी कठोर शब्द लिहिताना आमचा हात थांबतो. त्यांच्या मनात काय होते हे परमेश्वरास ठाऊक. परंतु कार्डावरच्या मूर्तीला छायाचित्र म्हणणे हे असत्य आहे, आणि ते झग्याआडून बोलले गेले म्हणून पवित्र होत नाही.

आता वृद्ध मातेच्या प्रश्नाकडे येतो. देवाला अशक्य काही नाही, हे आम्हीही मानतो. परंतु या तसबिरीत दावा देवाने काही केल्याचा नाही, माणसाने यंत्र केल्याचा आहे. चमत्कार आणि यंत्र यांत मोठा फरक आहे. यंत्र एकदा चालले तर दुसऱ्यांदाही चालले पाहिजे, एकाने चालवले तर दुसऱ्यालाही चालवता आले पाहिजे, आणि ते उघडून आतले चाक-दट्टे दाखवता आले पाहिजेत. आमच्या गावातील मोटार दुरुस्त करणारा मुलगासुद्धा हे जाणतो. पंप सुरू होतो असे नुसते सांगून शेतकरी त्याला मजुरी देत नाही. जे यंत्र कोणी पाहू शकत नाही, जे बंद खोलीत आहे आणि खोलीचा पत्ता ठाऊक नाही, ते यंत्रही नव्हे आणि चमत्कारही नव्हे. ती केवळ एक गोष्ट आहे, आणि गोष्ट म्हणून सांगितली असती तर आम्ही ती आवडीने वाचली असती.

दुसरे असे की, ज्याला फोटो पाहून विश्वास ठेवायचा आहे त्याने प्रेषित थोमाची आठवण करावी. थोमा ज्या भूमीत आला असे आपली परंपरा मानते, त्या भूमीतल्या ख्रिस्ती माणसाला तर ही आठवण करून द्यावी लागू नये. जखमांत बोट घालीन तरच मानीन, असे तो म्हणाला, आणि प्रभूने त्याला जवळ घेतले, पण त्याची ती अट कोणाला आदर्श म्हणून घालून दिली नाही. फोटोवर उभारलेला विश्वास फोटोबरोबर कोसळतो. उद्या या घरातला मुलगा पुण्याला शिकायला जाईल, कोल्लेव्हालेन्झाची मूर्ती त्याला मोबाइलच्या पडद्यावर दिसेल, आणि आई-वडिलांनी, कदाचित धर्मगुरूनेही, आपल्याला फसवले असे तो म्हणेल. त्या दिवशी तो तसबिरीसोबत शुभवर्तमानही अडगळीत टाकेल. आम्हांस भीती आहे ती याची. देणगीच्या चार पैशांची नव्हे.

येथवर वाचून आमच्या काही तरुणांना बरे वाटेल, कारण त्यांना वाटते की धर्मगुरूंनी एकदाची भोळ्या म्हाताऱ्यांची कानउघाडणी केली. त्यांनी थोडे थांबावे. हेच तरुण शाळा-महाविद्यालयात प्राचीन विमानांची गोष्ट ऐकून येतात आणि घरी बसून हसतात. दुसऱ्याच्या डोळ्यातले कुसळ पाहण्यात आपल्याला मोठी गोडी असते. म्हणून आम्ही आपल्या डोळ्यातले मुसळ आधी काढले. आता त्या दुसऱ्या गोष्टीकडे वळण्याचा थोडाफार हक्क मिळाला असे समजतो.

ती गोष्ट आपल्याच मुंबईची आहे. शिवकर बापूजी तळपदे या मराठी गृहस्थांनी १८९५ साली चौपाटीवर विमान उडवले, राइट बंधूंच्या आठ वर्षे आधी, आणि त्यात पाऱ्यावर चालणारे इंजिन होते, असे सांगितले जाते. त्या प्रसंगाचा भरवशाचा समकालीन पुरावा आजवर हाती आलेला नाही. तळपदे यांना उड्डाणाची ओढ होती, त्यांनी त्यासाठी स्वतःला झिजवले, याबद्दल आम्हांस आदरच आहे. परंतु आदरापोटी एखाद्याच्या पदरी न घडलेला पराक्रम बांधणे हा त्याचा सन्मान नव्हे. या गोष्टीला आधार म्हणून ‘वैमानिक शास्त्र’ नावाचा संस्कृत ग्रंथ पुढे केला जातो. तो भरद्वाज ऋषींचा म्हणून सांगितला जात असला, तरी पंडित सुब्बराय शास्त्री यांनी तो १९१८ ते १९२३ या काळात तोंडी सांगितला व तो लिहून घेतला गेला. बंगळूरच्या भारतीय विज्ञान संस्थेतील पाच अभ्यासकांनी १९७४ साली या ग्रंथाची नीट परीक्षा केली. भाषा पाहून ग्रंथ १९०४ सालापूर्वीचा नसावा, आणि त्यातल्या आराखड्यांबरहुकूम बांधलेले एकही विमान उडू शकणार नाही, असा त्यांचा निष्कर्ष होता. हे अभ्यासक परदेशी नव्हते, कोणाचे हस्तक नव्हते. विमाने कशी उडतात हे शिकवणे हाच त्यांचा व्यवसाय होता. तरीही जानेवारी २०१५ मध्ये मुंबई विद्यापीठात भरलेल्या भारतीय विज्ञान काँग्रेसच्या १०२ व्या अधिवेशनात एका सत्रात असे सांगितले गेले की प्राचीन विमाने एका देशातून दुसऱ्या देशात नव्हे, तर एका ग्रहावरून दुसऱ्या ग्रहावर जात असत.

दोन गोष्टी शेजारी ठेवून पाहाव्यात. एकीकडे काळ ओलांडणारे यंत्र, दुसरीकडे अवकाश ओलांडणारे इंजिन. एकीकडे मठ, दुसरीकडे आश्रम. दोहोंकडे एक खरोखरीचा विद्वान वा तळमळीचा माणूस. दोहोंकडे यंत्र हरवलेले आणि ते कोण्या बलवंताने दडपलेले. आमच्याकडे रोमने, त्यांच्याकडे इंग्रजांनी. दोहोंकडे कागद पुढे येतो तो घटनेनंतर. आणि दोहोंकडे शंका घेणारा मनुष्य धर्मद्रोही ठरतो. सारखेपणा इतका आहे की, आमच्या तरुणांनी हसायचेच असेल तर आरशासमोर उभे राहून हसावे. दुसऱ्या धर्माच्या माणसाला टोचण्यासाठी कोणी या लेखाचा आधार घेतला, तर तो आमच्या इच्छेविरुद्ध घेतलेला असेल. प्राचीन भारताजवळ अभिमानाने सांगण्याजोगे गणित होते, खगोलशास्त्र होते, व्याकरण होते. आणि ते तपासायला ग्रंथ उपलब्ध आहेत. ज्याच्या घरी खरे सोने आहे त्याने पितळ मिरवावे याचेच आम्हांस वाईट वाटते.

गंमत अशी की १८९५ हेच साल एका खऱ्या काळयंत्राचेही आहे. त्या वर्षी इंग्लंडमध्ये एच. जी. वेल्स यांची ‘द टाइम मशीन’ ही कादंबरी प्रसिद्ध झाली. तिच्यातही यंत्र आहे, दांडा ओढला की प्रवासी लाखो वर्षे पुढे जातो. परंतु वेल्स यांनी ती कादंबरी म्हणूनच वाचकांपुढे ठेवली, आणि त्यामुळे तिच्यातून ते आपल्या काळातील श्रीमंत-गरिबांच्या दरीविषयी जे बोलले ते शंभर वर्षांहून अधिक काळ टिकले. कल्पना जेव्हा ‘मी कल्पना आहे’ असे सांगते तेव्हा तिला खोटे म्हणता येत नाही. प्रभूने सांगितलेल्या दाखल्यांतील उधळ्या मुलाचा पत्ता कोणी विचारला नाही.

आणि येथेच आमचा राग आहे तो, आम्ही स्पष्टच सांगतो, तसबीर वाटणाऱ्यांपेक्षा धर्मशिक्षणाच्या काही शिक्षकांवर जास्त आहे. धर्मग्रामाच्या छोट्या वाचनालयात आम्ही जयंत नारळीकर यांची पुस्तके मागवली, तेव्हा ‘असल्या खोट्या गोष्टी’ मुलांच्या हाती कशाला, असा आक्षेप याच शिक्षकांनी घेतला. यांतील एकाच्या घरी ती तसबीर आहे. म्हणजे जे खोटे आहे ते भिंतीवर, आणि जे प्रामाणिकपणे कल्पित आहे ते वाचनालयाबाहेर! (एका सद्गृहस्थांनी मात्र ‘प्रेषित’ ही कादंबरी मोठ्या उत्साहाने घरी नेली. ती बारा प्रेषितांविषयी नाही हे कळल्यावरही त्यांनी ती पूर्ण वाचली आणि दुसरी मागितली. असे वाचक देवाने आम्हांस अधिक द्यावेत.)

नारळीकर कोल्हापूरचे, केंब्रिजमध्ये फ्रेड हॉइल यांच्यासोबत काम केलेले, पुण्याच्या ‘आयुका’ या संस्थेचे संस्थापक संचालक. २० मे २०२५ रोजी ते गेले. १९७४ साली मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत त्यांनी ‘कृष्णविवर’ ही कथा नारायण विनायक जगताप या नावाने पाठवली. आद्याक्षरे उलटी करून घेतलेले नाव. आपले नाव पाहून परीक्षकांनी झुकते माप देऊ नये, एवढाच हेतू. कथेला पहिले बक्षीस मिळाले. मूर्तीचे कार्ड छायाचित्र म्हणून खपवणारा आपला अधिकार वापरतो, तर हा मनुष्य आपला अधिकार बाजूला ठेवून आला.

त्यांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा तर आमच्या विषयाला अगदी लागू आहे. तिचा इंग्रजी अवतार अकरावीच्या एन.सी.ई.आर.टी. पाठ्यपुस्तकातही समाविष्ट झाला. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे एका अपघातानंतर अशा जगात जाऊन पोहोचतात, जेथे १७६१ साली पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागली नाही आणि मराठे जिंकले. त्या जगातली मुंबई वेगळी, कारभार वेगळा. यात इंजिन नाही, पारा नाही. आधार आहे तो अणूच्या आतील अनिश्चिततेच्या शास्त्राचा. मराठी माणसाच्या उरातला सर्वांत जुना सल घेऊन लेखकाने ‘असे झाले असते तर’ हा खेळ खेळला. पण गोष्ट संपल्यावर पानिपत जसे हरले तसेच हरलेले राहते. वाचकाला विजय फुकटात दिला जात नाही.

नारळीकर श्रद्धेच्या बाबतीत आमच्या बाजूचे नव्हते. आणि विश्वाला आरंभ आहे हा महास्फोटाचा सिद्धान्तही त्यांना मान्य नव्हता. तो सिद्धान्त मांडणारांत अग्रणी कोण, तर बेल्जियमचे एक कॅथलिक धर्मगुरू, फादर जॉर्ज लमेत्र. १९२७ साली त्यांनी विश्व प्रसरण पावते आहे असे गणिताने दाखवले आणि १९३१ मध्ये आद्य अणूची कल्पना मांडली. १९५१ साली परमगुरूस्वामी बारावे पायस यांनी आपल्या भाषणात या शोधाची सांगड सृष्टीच्या निर्मितीशी घातली, तेव्हा सर्वांत अस्वस्थ झाले ते स्वतः लमेत्र. विज्ञानाचा सिद्धान्त उद्या बदलू शकतो. श्रद्धेने त्याच्या कुबड्या घेऊ नयेत, असे त्यांचे मत होते. आपल्याच शोधाचा धर्मासाठी उपयोग होत असताना त्याला अडवणारा हा धर्मगुरू आम्हांस फादर एर्नेत्तींच्या अगदी समोर उभा दिसतो. सेमिनरीत आम्हांस तत्त्वज्ञान बरेच शिकवले गेले, पण लमेत्र यांचे नाव आम्ही पुष्कळ उशिरा ऐकले. आजच्या सेमिनरीत तरी ते पहिल्या वर्षी सांगितले जावे.

मग भूतकाळात पाहणारे यंत्र खरोखर नाहीच काय? आहे. आणि ते फार दूर नाही. जुन्नर तालुक्यात नारायणगावजवळ खोडद येथे तीस मोठ्या तबकड्या उभ्या आहेत. प्रत्येकीचा व्यास ४५ मीटर. प्रा. गोविंद स्वरूप यांच्या पुढाकाराने उभी राहिलेली ही रेडिओ दुर्बीण. ज्या घोड नदीच्या खोऱ्यात ती आहे, त्या खोऱ्याचे पाणी भीमेतून आपल्या उजनीत येते. जानेवारी २०२३ मध्ये जाहीर झाले की या दुर्बिणीने एका दीर्घिकेतील हायड्रोजनचा संदेश टिपला आहे, आणि तो तेथून निघाला तेव्हापासून सुमारे ८८० कोटी वर्षे लोटली आहेत. पृथ्वीही तेव्हा नव्हती. हा झाला खरा क्रोनोव्हायझर. पण त्याच्या मर्यादा पाहा. तो भूतकाळात जात नाही, भूतकाळ त्याच्याकडे येतो. जे तेथून निघाले आणि वाटेत हरवले नाही, तेवढेच त्याला दिसते; आणि जे दिसते ते कोणत्याही देशातल्या अभ्यासकाने तपासावे म्हणून उघडे ठेवले जाते. त्यात आपल्या आजोबांचा आवाज नाही.

काळ सर्वत्र सारखा वाहत नाही हेही खरे आहे. सुमारे २०,००० किलोमीटर उंचीवरून फिरणाऱ्या ज्या उपग्रहांच्या आधारे आपल्या मोबाइलमध्ये नकाशा उमटतो, त्यांची घड्याळे जमिनीवरच्या घड्याळांपेक्षा रोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात. आइन्स्टाइन यांच्या गणिताने ही तफावत दुरुस्त केली नाही, तर दिवसाभरात नकाशा दहा किलोमीटर चुकेल. टेंभुर्णीच्या माणसाला आपण नदीपलीकडे आहोत असे दिसेल. उसाची ट्रॉली कारखान्याला नेणारा आमचा मुलगा खिशात काळाचे हे गूढ घेऊन फिरतो. त्याला ते कोणी सांगत नाही. त्याला पत्रक दिले जाते.

आणि तरीही, ही तसबीर आमच्याच गावांत इतकी का रुजली, याचा विचार आम्ही बरेच दिवस केला. उत्तर पाण्याखाली आहे. १९६९ साली उजनीचे काम सुरू झाले, १९८० साली धरण पूर्ण झाले, आणि भीमेच्या दोन्ही तीरांवरची गावे उठून वर माळावर आली. १८६० मध्ये सोलापूरपर्यंत पोहोचलेली आगगाडी ज्या वाटेने गेली, ती लोहमार्गाची वाटसुद्धा येथे बाजूला सरकवावी लागली. आमच्यातील काही कुटुंबेही त्या बुडालेल्या गावांतली आहेत. धरणाची पूर्ण साठवण ११७ टीएमसी, त्यातील निम्म्याहून अधिक, ६३ टीएमसीच्या वर, हा ‘मृत साठा’. सरकारी कागदावरचा हा शब्द आमच्या जुन्या माणसांना किती खरा वाटत असेल! उन्हाळ्यात पाणी उणे टक्क्यांत गेले की हा मृत साठा उघडा पडू लागतो. २०२४ च्या उन्हाळ्यात पाणी उणे पन्नास टक्क्यांच्याही खाली गेले, तेव्हा पळसदेवचे प्राचीन पळसनाथ मंदिर पायथ्यापासून दिसू लागले, आणि लोक चिखल तुडवत तेथे गेले. वृद्ध माणसे पडक्या जोत्यांत उभी राहून सांगत होती : येथे चावडी, येथे आड, येथे आमचे माजघर. पहिल्या मोठ्या पावसाने ते पुन्हा झाकले गेले.

ज्यांचा भूतकाळ दरवर्षी असा वर येतो आणि बुडतो, त्यांना भूतकाळात नेणारे यंत्र खरे वाटावे यात नवल नाही. त्यांना आम्ही मूर्ख म्हणत नाही. त्यांच्या भुकेला कागदाची भाकरी वाढणाऱ्यांना आम्ही निष्ठुर म्हणतो. काळ बाजूला ठेवला तरी या गावांना साधे अंतरही अद्याप नीट ओलांडता येत नाही. २१ मे २०२४ च्या सायंकाळी कुगावहून कळाशीकडे निघालेली प्रवासी बोट वादळी वाऱ्यात उलटली आणि सहा जीव गेले, त्यांत लहान मुले होती. पलीकडचा काठ डोळ्यांना दिसत होता. ग्रहांवरून ग्रहांवर जाणाऱ्या इंजिनाच्या गप्पा ज्या जिल्ह्यात रंगतात, त्या जिल्ह्यातल्या माणसाला पाणी ओलांडण्यासाठी अंगात घालायला एक तरंगणारे जाकीट मिळत नाही, याची चीड कोणाला येते की नाही?

जुनी गावे परत आणणारे इंजिन नाही आणि ते निघणार नाही. परंतु खोडदच्या दुर्बिणीप्रमाणे, जे अद्याप वाटेत हरवलेले नाही ते टिपून घेता येते. जुन्या गावठाणात कोणाचे घर कोणाच्या शेजारी होते, बाराबलुतेदारांच्या आळ्या कोठे होत्या, प्रार्थनेला लोक कोणाच्या ओट्यावर जमत, शेतांची नावे काय होती, उठताना काय मोबदला कबूल झाला आणि हाती काय पडले, हे सांगू शकणारी माणसे आता ऐंशीच्या घरात आहेत. दरवर्षी त्यांपैकी काहींचा अंत्यविधी आम्ही करतो, आणि त्यांच्यासोबत एक-एक आळी जाते. धर्मग्रामाच्या बाप्तिस्म्याच्या नोंदवहीत जुन्या गावांची नावे आहेत; प्रकल्पग्रस्ताच्या दाखल्यासाठी धावपळ करणाऱ्या नातवाला त्या नावाचा उपयोग आजही होतो. तसबिरीमागे दिल्या जाणाऱ्या देणगीत वह्या येतील, आणि मोबाइल तर प्रत्येक तरुणाजवळ आहेच. त्यात आजीचा आवाज भरायला जेमेल्लींच्या यंत्राची गरज नाही, आजी जिवंत असताना तिच्याजवळ बसायची गरज आहे.

तसबीर फोडा असे आम्ही म्हणत नाही. चेहरा सुंदर आहे, शिल्पकाराने तो भक्तीने घडवला आहे, त्याच्यासमोर प्रार्थना करण्यास कोणाचीही हरकत असू नये. पत्रक मात्र चुलीत घालावे. ज्यांच्याजवळ ती तसबीर आहे त्यांनी पुढील रविवारी मिस्सानंतर ती सॅक्रिस्टीत आणावी. आम्ही मागच्या बाजूस एक चिठ्ठी चिकटवून देऊ : ‘इटलीतील कोल्लेव्हालेन्झा येथील क्रुसमूर्तीचा चेहरा.’ आणि येताना घरातील जुन्या माणसालाही घेऊन यावे. वहीची पहिली दोन पाने आम्ही आखून ठेवली आहेत, एकावर जुन्या गावाचे नाव लिहायचे आहे आणि दुसऱ्यावर त्याचा नकाशा काढायचा आहे.